परवानगी एकाला, वापर दुसऱ्याचा : अ‍ॅपमधल्या जाहिरात-लायब्ररींविषयी

दिवाळी अंक हातात घेतला की पहिली काही पानं जाहिरातींची असतात. सोनार, सहकारी बँक, मसालेवाले, बिल्डर. त्यात आपल्याला काही वावगं वाटत नाही. त्या पैशावरच पुढच्या कथा आणि लेख छापले जातात, हे आपल्याला ठाऊक असतं. पण आपण आणखी एक गोष्ट गृहीत धरलेली असते. सोनाराची जाहिरात सोनाराच्या पानावर राहते. तुम्ही कोणती कथा अर्धवट सोडलीत ते ती कुणाला कळवत नाही. अंक घेऊन तुम्ही माहेरी गेलात की सासरी, याची ती नोंद ठेवत नाही.

फुकट अ‍ॅप आणि गेम यांच्याबद्दल बोलताना हीच तुलना केली जाते. ‘जाहिराती आहेत म्हणून तर फुकट मिळतं ना!’ ही तुलना अर्धीच खरी आहे. पैशाच्या बाबतीत खरी, रचनेच्या बाबतीत खोटी. अ‍ॅपमधली जाहिरात म्हणजे एक पान नसतं. ती दाखवण्यासाठी अ‍ॅपच्या पोटात एक चालता प्रोग्रॅम बसवलेला असतो, दुसऱ्याच कंपनीने लिहिलेला. त्याला जाहिरात-लायब्ररी म्हणतात, किंवा धंद्याच्या भाषेत एसडीके. आज आम्ही या फाइलीची चिकित्सा करणार आहोत. जाहिराती फार येतात, बंद करायची फुली सापडत नाही, या तक्रारी खऱ्याच आहेत. पण त्या आज बाजूला ठेवू. त्या दिसणाऱ्या भागाबद्दलच्या आहेत. आमचा आक्षेप न दिसणाऱ्या भागावर आहे.

ही फाइल असते तरी काय

समजा, एका मुलीने मराठी शब्दकोड्यांचा गेम बनवला. एकटीने, नोकरी सांभाळून, रात्री बसून. त्याला पन्नास रुपये किंमत लावली तर फारसं कुणी घेणार नाही, हे तिला माहीत आहे. मग ती जाहिरातीकडे वळते. त्यासाठी तिला कुणा जाहिरातदाराला भेटावं लागत नाही. जाहिरात-जाळ्यावर खातं उघडायचं, आपल्या प्रोजेक्टच्या बिल्ड फाइलीत एक ओळ लिहायची, की लायब्ररी आपोआप उतरून येते. जाहिरात कुठे दाखवायची तिथे आणखी आठ-दहा ओळी. संध्याकाळी बसलं तर रात्रीपर्यंत काम संपतं.

अँड्रॉइडवर ही फाइल बहुधा ‘एएआर’ या प्रकारची असते. खरं म्हणजे ती एक झिपच. तिच्यात काय काय असतं? तयार झालेला कोड असतो, आणि तोही बरेचदा आतली नावं पुसून टाकलेला, म्हणजे उघडून वाचायला गेलात तर ए, बी, सी अशी नावं दिसतात. काही चित्रं असतात. आणि एक मॅनिफेस्ट असतं. मॅनिफेस्ट म्हणजे अ‍ॅपचं प्रतिज्ञापत्र म्हणा: मला अमुक परवानग्या लागतील, माझ्यात अमुक भाग आहेत, हे त्यात लिहिलेलं असतं. आता इथे लक्ष द्या. गेम बांधताना लायब्ररीचं मॅनिफेस्ट आणि त्या मुलीचं मॅनिफेस्ट यांचं एकत्रीकरण होतं आणि एकच कागद तयार होतो. उदाहरण द्यायचं तर, अँड्रॉइड १३ पासून फोनचा जाहिरात-ओळखक्रमांक वाचायला एक वेगळी परवानगी जाहीर करावी लागते. गुगलच्या जाहिरात-लायब्ररीच्या मॅनिफेस्टमध्ये ती आधीच लिहिलेली आहे. आपल्या मुलीने ती ओळ कधी टंकलेली नाही. तरी ती तिच्या गेमच्या नावावर लागते.

ही लायब्ररी करते काय, तर सर्व्हरकडे जाहिरात मागते, उतरवून घेते, दाखवते आणि ती पाहिली गेली, दाबली गेली याची बातमी परत पाठवते. जाहिरात मागताना फोनचं मॉडेल, भाषा, नेटवर्क, ओळखक्रमांक असे तपशील बरोबर जातात. अ‍ॅपला लोकेशनची परवानगी असेल तर तेही वाचणं तिला शक्य असतं.

का शक्य असतं? हाच आजचा मुद्दा आहे. अँड्रॉइड प्रत्येक अ‍ॅपला स्वतंत्र ओळख देतं आणि एका अ‍ॅपला दुसऱ्याच्या घरात डोकावू देत नाही. ही भिंत चांगली पक्की आहे. पण ती अ‍ॅपच्या बाहेरून आहे. आतमध्ये मुलीने लिहिलेला कोड आणि लायब्ररीचा कोड एकाच प्रक्रियेत, एकाच ओळखीने चालतात. जुन्या वाड्यात एका खोलीपुरता भाडेकरू ठेवावा आणि वाड्याला आतून दारंच नसावीत, तसं हे आहे. फोनवर जेव्हा चौकट येते, ‘या गेमला तुमचं लोकेशन वापरू द्यायचं का?’, तेव्हा तिच्यात गेमचं नाव असतं. आपण गेमला हो म्हणतो. ते ‘हो’ आत राहणाऱ्या सगळ्यांना लागू होतं. आयफोनवरही गोष्ट फार वेगळी नाही. तिथेही परवानगी अ‍ॅपच्या नावाने मिळते.

एक खटला, जरा सविस्तर

हे नुसतं तात्त्विक नाही, हे दाखवायला आम्ही एकच प्रकरण नीट मांडतो. ते आपल्या जवळचं आहे. २००७ मध्ये मुंबईत ‘एमखोज’ नावाची कंपनी सुरू झाली. एसएमएसवरून शोध घेण्याची सेवा हा तिचा पहिला उद्योग. पुढे ती बंगळुरूला गेली, इनमोबी झाली आणि जगातल्या मोठ्या मोबाइल जाहिरात-जाळ्यांत गणली जाऊ लागली. भारतातून उभी राहिलेली एवढी मोठी तंत्रज्ञान कंपनी म्हणून तिचं कौतुक झालं आणि ते योग्यच होतं.

जून २०१६ मध्ये अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने या कंपनीवर कारवाई केली. आरोप वाचण्यासारखा आहे, कारण लायब्ररी आत बसून काय करू शकते याचा तो धडाच आहे. ज्या लोकांनी अ‍ॅपला लोकेशनची परवानगी दिली होती, त्यांच्या फोनवरून लायब्ररी दोन गोष्टी घेत होती: ठिकाण, आणि आसपास दिसणारी वायफाय जाळी. या दोन्हींची सांगड घातली की कोणतं वायफाय कुठे आहे याचा नकाशा तयार होतो. आता ज्याने लोकेशनला ‘नाही’ म्हटलं, त्याच्या फोनवर काय होतं? त्याच्या आसपासची वायफाय जाळी वाचायची आणि नकाशात पाहायची. माणूस कुठे आहे ते कळलं. लोकेशन विचारलंच नाही, तरी मिळालं. अँड्रॉइडवर वायफायची स्थिती वाचण्याची परवानगी त्या वेळी साधी समजली जायची. तिच्यासाठी वापरणाऱ्याला चौकट दाखवून विचारावं लागत नव्हतं.

थोडं थांबून पाहा. शेजाऱ्याने हो म्हटलं म्हणून तुमच्या ‘नाही’ला अर्थ उरला नाही. आणि त्या अ‍ॅपचा कर्ता? कंपनी जाहीरपणे सांगत होती की लोकेशनचा माग फक्त संमती देणाऱ्यांचाच काढला जातो. कर्त्याने त्यावर विश्वास ठेवला. आत काय चाललंय ते त्याला कळायला मार्ग नव्हता.

याच प्रकरणाचा दुसरा भाग मुलांबद्दलचा आहे. आपलं अ‍ॅप तेरा वर्षांखालच्या मुलांसाठी आहे असं कळवायला कंपनीने कर्त्यांना एक चौकोन ठेवला होता, त्यावर खूण करायची. हजारो अ‍ॅपच्या कर्त्यांनी प्रामाणिकपणे खूण केली. कमिशनच्या म्हणण्यानुसार त्या अ‍ॅपमधून मुलांचाही माग काढला जात राहिला. कंपनीने सांगितलं की मुलांच्या बाबतीत जे झालं ते तांत्रिक चुकीमुळे. शेवटी तडजोड झाली. दंड ४० लाख डॉलरचा ठरला, कंपनीची आर्थिक स्थिती पाहून प्रत्यक्ष भरायची रक्कम साडेनऊ लाख डॉलर झाली. मुलांची गोळा केलेली माहिती पुसायची आणि २० वर्षं दर दोन वर्षांनी स्वतंत्र तपासणी करून घ्यायची, असंही ठरलं.

आम्हाला दंडाच्या आकड्यापेक्षा तो चौकोन जास्त महत्त्वाचा वाटतो. खूण खरी होती, हेतू खरा होता. पण ती खूण म्हणजे विनंती होती, कुलूप नव्हतं. पाळायची की नाही, हे लायब्ररीच्या हातात राहिलं.

दोर कुणाच्या हातात

आता दुसरं, थोडक्यात. लायब्ररी एकदा अ‍ॅपमध्ये बसली की तिचं वागणं दूरवरच्या सर्व्हरवरून बदलता येतं. ६ मे २०२० या दिवशी आयफोनवरची स्पॉटिफाय, पिंटरेस्ट, टिंडर यांसारखी अ‍ॅप उघडताक्षणी बंद पडू लागली. या अ‍ॅपचं आपसांत काही नातं नाही. त्यांच्यात समान गोष्ट एकच होती: फेसबुकची लायब्ररी. लॉगिनसाठी आणि जाहिरातींचा परिणाम मोजण्यासाठी ती घातलेली असते. फेसबुकने आपल्या बाजूला एक बदल केला, लायब्ररी कोसळली आणि तिच्याबरोबर तिचे यजमानही कोसळले. अ‍ॅप बनवणाऱ्यांनी त्या दिवशी काहीही बदललेलं नव्हतं. जे लोक फेसबुकने लॉगिनही करत नाहीत, त्यांचीही अ‍ॅप बंद पडली. जुलैमध्ये पुन्हा तेच झालं.

स्पॉटिफायसारख्या कंपनीकडे शेकडो इंजिनिअर आहेत, तिची ही गत. मग शब्दकोडीवाल्या मुलीने काय करायचं? तिच्या गेमला एक तारा देऊन ‘सारखं बंद पडतं’ असं लिहिणाऱ्याला हा इतिहास ठाऊक नसतो.

दुसरी बाजू, मनापासून

टीका करताना दुसरी बाजू अर्धवट मांडणं आम्हाला मान्य नाही. म्हणून सांगतो, या फाइलीने खरोखर काही दरवाजे उघडले. अ‍ॅडमॉब ही कंपनी २००६ मध्ये सुरू झाली आणि २००९ मध्ये गुगलने ती ७५ कोटी डॉलरला घेण्याचं जाहीर केलं. एवढी किंमत का? कारण तिने छोट्या माणसाला जाहिरातीचा बाजार खुला करून दिला होता. हनोईच्या डाँग न्गुयेन या तरुणाने एकट्याने ‘फ्लॅपी बर्ड’ हा गेम केला. २०१४ च्या सुरुवातीला त्यातल्या साध्या बॅनर-जाहिरातींतून दिवसाला सरासरी ५०,००० डॉलर मिळतात, असं त्याने एका मुलाखतीत सांगितलं होतं. मागे ना कंपनी, ना विक्री विभाग. पुढे त्याने तो गेम स्वतःच काढून टाकला, ती वेगळी कथा.

आपल्याकडेही पंचांगाची, स्तोत्रांची, स्पर्धा-परीक्षांच्या तयारीची कितीतरी मराठी अ‍ॅप जाहिरातींवर उभी आहेत. ती पैसे देऊन घ्यायची म्हटली तर कितीजण घेतील? तेव्हा ‘जाहिराती बंद करा’ ही मागणी भरल्या पोटाची आहे. आमची ती नाही. आमचं म्हणणं एवढंच, की जाहिरात दाखवायला वाड्याची सगळी दारं उघडी ठेवावी लागतात, हे कुणी सिद्ध केलेलं नाही.

मुलांचे गेम

सर्वांत जास्त चिंता जिथे करायला हवी, तिथे येऊ. २०१८ मध्ये अमेरिकेतल्या बर्कलीच्या संशोधकांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मुलांसाठीची ५,८५५ लोकप्रिय फुकट अँड्रॉइड अ‍ॅप प्रत्यक्ष चालवून तपासली. निम्म्याहून जास्त अ‍ॅप तिथला मुलांच्या गोपनीयतेचा कायदा मोडत असण्याची शक्यता त्यांना दिसली, आणि त्याचं मुख्य कारण आत बसवलेल्या परक्या लायब्ररी हेच होतं. त्यातला एक आकडा आमच्या डोक्यातून जात नाही. १९ टक्के अ‍ॅपमध्ये अशा लायब्ररी माहिती गोळा करत होत्या, ज्यांच्या स्वतःच्याच अटींत लिहिलं होतं की आम्हाला मुलांच्या अ‍ॅपमध्ये वापरू नका.

म्हणजे काय, तर अट आहे, पण ती कागदावर. कर्त्याने वाचली नाही म्हणून तो दोषी. लायब्ररीने अट लिहून ठेवली म्हणून ती सुटली. आणि मूल दोघांच्या मध्ये.

यानंतर सुधारणा झाल्या, नाही असं नाही. गुगलने मुलांच्या अ‍ॅपमध्ये जाहिरातीसाठी ठरावीक यादीतल्याच लायब्ररी वापरण्याचं बंधन घातलं. चांगलं आहे. पण त्या योजनेच्या नावातच ‘स्वप्रमाणित’ असा शब्द आहे. लायब्ररीवालेच लिहून देणार की आम्ही नियम पाळतो. प्ले स्टोअरवर प्रत्येक अ‍ॅपखाली ‘डेटा सुरक्षितता’ नावाचा भाग दिसतो, तोही अ‍ॅपच्या कर्त्याने भरायचा असतो, आतल्या लायब्ररींच्या वतीनेसुद्धा. जो कोड त्याने लिहिला नाही आणि जो त्याला वाचताही येत नाही, त्याबद्दल त्याने हमी द्यायची. अ‍ॅपल तर स्पष्टच सांगते की अ‍ॅपमध्ये घातलेल्या सगळ्या कोडची जबाबदारी कर्त्याची.

आपल्याकडे २०२३ मध्ये डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा संमत झाला. त्यात १८ वर्षांखालची व्यक्ती म्हणजे मूल, आणि मुलांच्या वागण्याचा माग काढणं व त्यांना लक्ष्य करून जाहिराती दाखवणं याला मनाई आहे. तरतूद कडक आहे. जबाबदारी कुणावर? डेटा कशासाठी आणि कसा वापरायचा हे जो ठरवतो, त्याच्यावर. आमच्या मते खरा वाद इथेच होणार आहे. शब्दकोड्याच्या गेममध्ये हे ठरवतं कोण? मुलगी की लायब्ररी? कागदोपत्री गेम मुलीच्या नावावर आहे. प्रत्यक्षात कोणती माहिती जाते आणि तिचं पुढे काय होतं, हे तिने कधीच ठरवलेलं नाही. कायदा राबवताना सोपा माणूस पकडायचा मोह झाला, तर तिलाच नोटीस येईल.

भिंत आतून बांधता येते

हे असंच असतं, दुसरा मार्ग नाही, असं तुम्हाला कुणी सांगेल. ते खरं नाही. वेबवर पाहा. एखाद्या बातमीच्या पानावर दुसऱ्या पत्त्यावरून आलेली जाहिरात वेगळ्या चौकटीत ठेवली, तर ब्राउझर तिला मूळ पानातला मजकूर वाचू देत नाही. वेबवर सगळं आलबेल आहे असं आम्ही म्हणत नाही. पण परक्याला वेगळ्या खोलीत ठेवायची कल्पना तिथे कधीचीच रुळलेली आहे.

मोबाइलसाठीही ती सुचवून झाली. २०१२ मध्येच बर्कली आणि राइस या दोन विद्यापीठांतल्या संशोधकांनी ‘अ‍ॅडड्रॉइड’ आणि ‘अ‍ॅडस्प्लिट’ अशा दोन रचना मांडल्या. दोन्हींचं सार एकच: जाहिरातीचा कोड अ‍ॅपपासून वेगळा चालवा, त्याला त्याच्या परवानग्या वेगळ्या द्या. पुढे २०२२ मध्ये गुगलने स्वतः ‘एसडीके रनटाइम’ नावाची याच धर्तीची योजना जाहीर केली. लायब्ररीला स्वतंत्र खोली, आणि यजमानाच्या परवानग्या आपोआप मिळणार नाहीत. दहा वर्षं उशिरा का होईना, भिंत येणार असं वाटलं. ऑक्टोबर २०२५ मध्ये गुगलने ती योजना इतर काही योजनांबरोबर गुंडाळली. कारण दिलं गेलं की फारसं कुणी ती स्वीकारत नव्हतं.

नवल काय? ज्यांना मोकळ्या वाड्यात वावरायची सवय आहे, ते एका खोलीत राहायला आपणहून कशाला जातील? भाडेकरूंच्या मर्जीवर सोडून भिंती उभ्या राहत नाहीत. आणि ज्या मालकाने भिंत बांधायची, तोच इथे सर्वांत मोठा भाडेकरूही आहे, हे विसरून चालणार नाही.

म्हणून आमचं मत स्पष्ट आहे. संमतीच्या चौकटी, स्वतः भरलेले तक्ते, दंड, हे सगळं लागेलच. पण परवानगीची सीमा अ‍ॅपभोवती आहे तोवर ते सगळं कागदी राहील. सीमा कोड ज्याचा त्याच्याभोवती आखली पाहिजे. चौकटीत अ‍ॅपच्या नावाबरोबर माहिती मागणाऱ्या लायब्ररीचं नाव आलं पाहिजे. गेमला हो आणि जाहिरातवाल्याला नाही, असं म्हणता आलं पाहिजे.

शेवटी, सभागृहातला एक प्रश्न

व्याख्यानानंतर एका बाईंनी विचारलं, ‘हे सगळं ऐकून आम्ही घरी जाऊन करायचं काय? नातू दिवसभर गेम खेळतो.’ प्रश्न रास्त आहे, म्हणून उत्तर इथे देतो.

अँड्रॉइडच्या सेटिंगमध्ये जाहिरातींचा भाग शोधा, तिथे जाहिरात-ओळखक्रमांक पुसून टाकता येतो. आयफोनवर २०२१ पासून अ‍ॅप माग काढण्याची परवानगी मागतं, तिथे नाही म्हणा. गेमला लोकेशन लागत नाही, देऊ नका. फ्रान्समधली ‘एक्सोडस प्रायव्हसी’ ही ना-नफा संस्था अँड्रॉइड अ‍ॅपमध्ये कोणकोणत्या लायब्ररी आहेत ते तपासून दाखवते. नातवाच्या गेमचं नाव तिथे घालून बघा. आणि एखादं मराठी अ‍ॅप रोज वापरत असाल, त्याची जाहिरातीविना आवृत्ती शंभर-दोनशे रुपयांत मिळत असेल, तर ती घ्या. करणाऱ्याला तेवढाच दुसरा मार्ग मिळतो.

यातला एकही उपाय भिंत बांधत नाही, हेही प्रामाणिकपणे सांगितलं पाहिजे. ओळखक्रमांक पुसला तरी फाइल आतच राहते. इनमोबीच्या प्रकरणात लोकांनी ‘नाही’ म्हटलेलंच होतं. त्या बाईंना आम्ही एवढंच म्हणालो, की तुमचं ‘नाही’ ज्याला ऐकू जायला हवं त्याच्यापर्यंत ते आज पोहोचतच नाही. ते पोहोचवायची सोय करणं नातवाच्या आजीचं काम नाही, आणि रात्री जागून गेम बनवणाऱ्या मुलीचंही नाही. ज्यांनी वाडा बांधला, त्यांचं आहे.